एकही गोळी न झाडता म्हणे!

'इंग्रजांऐवजी अमेरिकन आले असते तर आज आपण कुठे असतो? फिलिपिन्स बघा!' अशी सुरुवात असलेला मेसेज तुम्हालाही आला असेल. मला तो महिन्याभरात चार ग्रुपांवर आला आणि चारही वेळा मी दुर्लक्ष केलं. पण परवा ताईचा फोन आला. आठवीतल्या भाच्याने वक्तृत्व स्पर्धेसाठी तोच मेसेज जवळजवळ जसाच्या तसा पाठ केलाय, जरा ऐकून घे म्हणाली. ऐकलं. 'अमेरिकेने एकही गोळी न झाडता...' इथे पठ्ठ्याचा आवाज असा काही चढला की टाळ्या नक्की. म्हणून लिहायला बसले.

मेसेजचं म्हणणं एवढंच: अमेरिकेने स्पेनला रोख पैसे मोजून फिलिपिन्स विकत घेतलं, गोळी झाडली नाही, अडाणी लोकांना शाळा आणि इंग्रजी दिली, आणि ४ जुलै १९४६ ला कुणी न मागता स्वातंत्र्य भेट दिलं.

पैसे मोजले, हे खरं. डिसेंबर १८९८ चा पॅरिसचा करार, दोन कोटी डॉलर. पण विकणाऱ्याच्या हातात तेव्हा होतं काय? स्पेनविरुद्धच्या फिलिपिनो उठावाचा नेता एमिलियो अगिनाल्दो याने १२ जून १८९८ लाच मनिलाजवळच्या कावित गावात स्वातंत्र्य जाहीर केलं होतं. लुझॉन या मुख्य बेटाचा बहुतेक भाग फिलिपिनो सैन्याकडे होता. मनिला तेवढं राहिलं होतं, ते ऑगस्टमध्ये स्पेनशी युद्धात उतरलेल्या अमेरिकनांनी घेतलं, तेही स्पॅनिश अधिकाऱ्यांशी आधीच ठरवून केलेल्या लुटुपुटुच्या लढाईत. फिलिपिनो सैन्याला शहरात येऊ दिलं नाही. जागा सोडून निघालेल्या भाडेकरूने जाता जाता घराचाच सौदा करावा, तसला हा व्यवहार. अगिनाल्दोचा माणूस पॅरिसला गेला होता, त्याला वाटाघाटीत बसूही दिलं नाही.

आता ती गोळी. ४ फेब्रुवारी १८९९ च्या रात्री मनिलाच्या वेशीवर पहिली गोळी सुटली ती अमेरिकन पहाऱ्यावरून. ती आपण झाडली, असं नेब्रास्काच्या पलटणीतल्या शिपायाने स्वतःच सांगितलंय. तिथून जे युद्ध पेटलं त्याचे आकडे मी कुठल्या डाव्या पुस्तकातून आणलेले नाहीत. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याच्या इतिहास कार्यालयाने स्वतः लिहून ठेवलेत: ४,२०० हून जास्त अमेरिकन आणि २०,००० हून जास्त फिलिपिनो सैनिक ठार, आणि हिंसाचार, उपासमार, रोगराई यांत मेलेले सामान्य लोक दोन लाखांपर्यंत. करणारेच कबूल करतायत, आणि आपण त्यांच्या वतीने नाही म्हणतोय!

समार बेटावरचं बालांगिगा घ्या. तिथे तळ ठोकलेल्या अमेरिकन तुकडीने गावातल्या पुरुषांना धरून कामाला जुंपलं, लोकांचा धान्यसाठा नासवला. २८ सप्टेंबर १९०१ ला गावकऱ्यांनी सकाळी हल्ला केला. ४८ अमेरिकन सैनिक मेले. उत्तर म्हणून जनरल जेकब स्मिथने हुकूम सोडला: कैदी नकोत, मारा आणि जाळा. त्याच्या हाताखालच्या मेजरने विचारलं, वयाची मर्यादा काय? दहा वर्षं. म्हणजे दहाच्या वरचा प्रत्येक जण. माझा भाचा तेरा वर्षांचा आहे. हे सगळं लष्करी न्यायालयात साक्षीत आलंय. स्मिथला शिक्षा काय झाली? समज. मग सक्तीची निवृत्ती. गावच्या चर्चच्या तीन घंटा सैनिकांनी विजयचिन्ह म्हणून उचलून नेल्या, त्या डिसेंबर २०१८ मध्ये, म्हणजे ११७ वर्षांनी परत आल्या. माणसाला उताणं दाबून तोंडात पाणी ओतायचं, पोट फुगलं की दाबून ते बाहेर काढायचं आणि पुन्हा ओतायचं, हा चौकशीचा प्रकारही याच युद्धातला. १९०२ मध्ये सैनिकांनीच सिनेटच्या समितीपुढे तो सांगितला.

शाळांचं मात्र मान्य करावं लागेल, जिवावर आलं तरी. १९०१ च्या ऑगस्टमध्ये 'थॉमस' नावाच्या जहाजातून पाचशेच्या आसपास अमेरिकन शिक्षक उतरले, सरकारी शाळा गावोगाव गेल्या, १९०८ ला फिलिपिन्स विद्यापीठ निघालं. मात्र हे जहाज लागलं आणि पुढच्याच महिन्यात बालांगिगा घडलं, हे मेसेजवाल्याला माहीत नसावं. आणि 'अडाणी' कुणाला म्हणता? मनिलातलं सांतो तोमास विद्यापीठ १६११ चं आहे, हार्वर्डहून पंचवीस वर्षांनी जुनं. त्याच अमेरिकेने १९०४ साली सेंट लुइसच्या जत्रेत हजाराहून जास्त फिलिपिनो माणसं प्रदर्शनात मांडली होती.

'कुणी न मागता' या शब्दांवर तर माझा पारा चढतो. मागायची सोयच नव्हती! युद्ध चालू असेपर्यंत स्वातंत्र्याचा प्रचार करणं हाच १९०१ च्या कायद्याने गुन्हा होता. १९०७ मध्ये फिलिपिनोंच्या झेंड्यावर बंदी आली, ती १९१९ पर्यंत टिकली. मनिलातल्या एका दुकानदाराची गोष्ट सांगते. त्याने सरकारी लिलावात दुकानाचा माल घेतला. त्यात बटणाएवढे बिल्ले निघाले, वर अगिनाल्दोचं चित्र आणि झेंडा. बिचाऱ्याने बाकीच्या मालाबरोबर तेही काचेत मांडून ठेवले. त्याला पाचशे पेसो (तिथलं चलन) दंड झाला. कायदा माहीत नव्हता, हेतू वाईट नव्हता, हे त्याचं म्हणणं फिलिपिन्सच्या सर्वोच्च न्यायालयाने १९०९ मध्ये फेटाळलं: बिल्ला दिसला, गुन्हा झाला. लिलाव सरकारचा, आणि दंडही सरकारलाच!

तरीही त्यांनी मागितलं. १९१९ पासून शिष्टमंडळं वॉशिंग्टनच्या वाऱ्या करत होती. स्वातंत्र्याचं वचन देणारा १९३४ चा अमेरिकन कायदा झाला त्यामागे अमेरिकन शेतकऱ्यांचाही रेटा होता, कारण फिलिपिन्सची साखर आणि खोबरेल त्यांना नको होतं. त्याच कायद्याने फिलिपिनोंना अमेरिकेत येण्याची मर्यादा घातली: वर्षाला ५० माणसं. आणि १९४६ च्या 'भेटी'सोबत व्यापाराचा करार आला. अमेरिकनांना तिथल्या खाणी-जंगलांवर फिलिपिनोंच्या बरोबरीचे हक्क, पेसो डॉलरला बांधलेला. दुसऱ्या महायुद्धाची मोठी नुकसानभरपाई हवी तर हे पत्करा, असा पेच. त्यासाठी त्यांना स्वतःची घटना बदलावी लागली. १९६२ मध्ये त्यांनी स्वातंत्र्यदिन ४ जुलैवरून १२ जूनला नेला. भेट आवडली नसावी.

हे सगळं भाच्याला फोनवर सांगितलं. स्पर्धा शनिवारी आहे, सहा मिनिटं मिळतात. तो म्हणाला, "मावशी, एवढं नाही बसणार. पण बिल्ल्यांची गोष्ट घेऊ का? ती आधी सांगतो, मग टाळ्या पडल्या तर घंटा."