नर फुलं तोडू नका, सर

सर, नमस्कार.

लाल भोपळ्यावरच्या माझ्या लेखाखालची तुमची प्रतिक्रिया वाचली. चांगलीच खरमरीत आहे. तिथे दोन ओळींत उत्तर देऊन भागणार नाही, म्हणून इथे सविस्तर लिहिते.

ज्यांनी ती वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. सर निवृत्त विज्ञानशिक्षक आहेत. निदलपुंज (कळीचं हिरवं आवरण), दलपुंज (पाकळ्या), पुमंग (पराग देणारे पुंकेसर) आणि जायांग (बी धरणारा मादी भाग) ही फुलाची चार मंडलं त्यांनी पिढ्यान्‌पिढ्या मुलांना शिकवली, आणि ‘भोपळ्याच्या बऱ्याचशा फुलांत जायांग नसतंच’ असं लिहून मी त्यावर पाणी फिरवलं, अशी त्यांची पहिली तक्रार; ‘ज्यात जायांग नाही ते फूलच नव्हे’ असं ते म्हणतात. दुसरी तक्रार अशी की माझा लेख वाचून त्यांनी गच्चीवरच्या दुधीला हाताने पराग लावून पाहिले, तरी बारीक दुधी पिवळे पडून गळतातच. शेजाऱ्यांच्या सांगण्यावरून ‘वांझ’ फुलंही तोडली, म्हणजे वेलाची ताकद वाचेल. उपयोग शून्य. तिसरी, त्याच गच्चीवर मधमाशी फिरकत नसताना टोमॅटो आणि मिरच्या लगडल्या आहेत, मग परागीभवनाचं, म्हणजे पराग मादी भागावर पोचण्याचं, एवढं स्तोम कशाला? आणि जाता जाता टोला: या माहितीचा घरच्या माणसाला उपयोग काय?

दुधीपासून सुरुवात करते, कारण निम्मं उत्तर तिथेच आहे.

तुम्ही लिहिलंय की सकाळचा चहा झाला की कुंचला घेऊन गच्चीवर जात होतात. लाल भोपळ्याला ही वेळ चालते, तरी जरा उशिराचीच. त्याची पिवळी फुलं उजाडता उजाडता उमलतात आणि ऊन चढलं की मिटतात, ती कायमची. दुधीचं सगळं उलट असतं. त्याचं पांढरं फूल दुपार कलल्यावर उमलायला लागतं, रात्रभर उघडं असतं आणि सकाळी तुम्ही वर पोचता तेव्हा मलूल पडलेलं असतं. अंधारात उठून दिसणारा पांढरा रंग आणि संध्याकाळची वेळ ही सोय रात्री हिंडणाऱ्या पतंगांसाठी. पडवळाची झालरीची फुलंही संध्याकाळचीच. दोडक्याचं पिवळं फूल संध्याकाळी उमलतं आणि त्याच्याच भावकीतल्या घोसाळ्याचं पहाटे. मी सकाळची वेळ लिहिली होती ती लाल भोपळ्यासाठी. दुधीला ती लावलीत, तर कुंचला शिळ्या फुलावर फिरणार.

आणि तो कुंचला तुम्ही पराग घ्यायला कुठे बुडवलात, हे मला खरंच विचारायचंय. कारण जी ‘वांझ’ म्हणून तोडलीत तीच नर फुलं. पराग फक्त त्यांच्यातच होते.

या सगळ्या वेलींवर साधारणपणे आधी नर फुलं येतात, काही दिवस तर नुसती तीच येतात. माणसं घाबरतात, रोग पडला म्हणतात, फवारणी करतात. नर फूल लांब, सडसडीत देठावर येतं, एक दिवस उमलतं आणि गळून जातं. त्याने गळायचंच असतं. मादी फूल मागून येतं आणि त्याची ओळख फुलाच्या पाठीमागे असते: पाकळ्यांच्या खाली, देठाच्या टोकाला, लव असलेला बोटभर दुधी आधीच तयार दिसतो. तेच अंडाशय. म्हणजे फूल गळून मग दुधी येतो असं नाही, फूलच दुधीच्या डोक्यावर येतं. पराग मिळाले तर तो फुगतो, नाही मिळाले तर तीन-चार दिवसांत पिवळा पडून गळतो. तुमचे बारीक दुधी पिवळे पडतात, याचा अर्थ वेल ठणठणीत आहे, मादी फुलं येताहेत, आणि फक्त पराग पोचत नाहीत. मुळाशी खत ओतून हे सुधारणार नाही. उलट नत्र जास्त झालं तर वेल माजतो, पानंच पानं होतात.

नर फुलं तोडायचं एकच कारण मला मान्य आहे, ते म्हणजे लाल भोपळ्याच्या फुलांची भजी. त्यासाठीही वेलावर रोज चार-दोन शिल्लक ठेवावीत.

शेजाऱ्यांनी सुचवलेला प्रयोग मात्र नवा नाही. जर्मनीतल्या ट्युबिंगेनमध्ये रुडॉल्फ कॅमेरेरियस नावाच्या प्राध्यापकाने तो मुद्दाम करून पाहिला आणि १६९४ साली लिहून ठेवला. एरंडाच्या तुऱ्यावर खाली नर फुलं असतात आणि वर मादी. त्याने नर फुलं उमलायच्या आतच खुडून टाकली. वर एरंडीचं चांगलं बी धरलंच नाही, नुसती पोकळ टरफलं राहिली. तुतीचं मादी झाड नराविना ठेवलं, तर तुती आल्या पण आतलं बी फोल निघालं. फुलातली ती पिवळी पूड म्हणजे झाडाने टाकलेला कचरा नव्हे, तिच्याविना बी नाही, हे प्रयोगाने दाखवणाऱ्या पहिल्या काही माणसांपैकी तो एक. तुमच्या गच्चीवर तोच निकाल पुन्हा लागला, इतकंच.

आता चार मंडलं. पुस्तकातली त्यांची आकृती खोटी आहे असं मी कुठेही म्हटलेलं नाही. जास्वंदीला ती तंतोतंत लागू पडते, म्हणून तर वर्गात जास्वंद आणायची पद्धत पडली. हाताएवढं फूल, पाच पाकळ्या, मधून बाहेर आलेला दांडा, त्यावर पुंकेसरांचे पिवळे ठिपके, टोकाला पाच गोल कुक्षी, म्हणजे पराग झेलणारी टोकं. मागच्या बाकावरूनही दिसतं. पण तीच जास्वंद घरी किती वेळा फळते? बोंड धरलेली जास्वंद क्वचितच कुणी पाहिली असेल, आपण फांदी खोचूनच तिचं रोप करतो. मग ‘पुमंग आणि जायांग यांच्यामुळे बी तयार होतं’ हे मुलांना त्या फुलावर दाखवायचं तरी कसं? माझं ऐकाल तर भेंडीचं फूल घ्या. जास्वंदीच्याच कुळातलं, बांधणी तीच, पिवळं आणि तळाशी किरमिजी. सकाळी उमलतं, दुपारनंतर मिटतं. एका फुलाच्या पाकळ्या उभ्या चिरून सोडवा, मधली नळी नखाने अलगद फाडा. नळीच्या आतून कुक्षीवृंताचा, म्हणजे कुक्षीला अंडाशयाशी जोडणारा, धागा खाली उतरताना दिसेल आणि तळाशी करंगळीच्या नखाएवढी, लव असलेली भेंडी. मग बाजारची भेंडी आडवी कापून शेजारी ठेवा. बहुतेक जातींत पाच कप्पे निघतात आणि कप्प्याकप्प्यात बी. फुलातलं अंडाशय ते हेच, फक्त मोठं झालेलं. मुलांना वेगळं काही सांगावंच लागत नाही.

भेंडी दोन्ही कामं एकाच फुलात उरकते. भोपळा एकाच वेलावर पण दोन निराळ्या फुलांत वाटून देतो. पावसाळ्यात बाजारात येणारी करटोली तर नर आणि मादी असे वेलच वेगळे ठेवते. हौसेने एखादा कंद आणून लावणारे ‘फुलं येतात, करटुली येत नाहीत’ म्हणतात ते यामुळे; जोडीदार वेल आसपास नसतो. पपईत तर नर, मादी आणि दोन्ही एकत्र, अशी तीन तऱ्हेची झाडं निघतात. तेव्हा ‘ज्यात जायांग नाही ते फूलच नव्हे’ हे तुमचं वाक्य धरलं, तर भोपळ्यापासून मक्यापर्यंत निम्मं शेत बाद होईल.

उलट बाजूही बघा. व्हॅनिलाच्या फुलात सगळे भाग हजर असतात, नर आणि मादी एकाच खांबावर. तरीही मेक्सिकोबाहेर नेलेल्या वेलींना कित्येक वर्षं शेंगा धरत नव्हत्या, कारण पराग आणि कुक्षी यांच्यामध्ये एक पातळ पडदा असतो आणि तो ओलांडून पराग पोचवणारे तिकडचे कीटक बाहेर नव्हते. १८४१ मध्ये रीयुनियन बेटावर एडमंड नावाच्या बारा वर्षांच्या गुलाम मुलाने एका काडीने तो पडदा उचलून अंगठ्याने पराग कुक्षीवर दाबायची युक्ती काढली. आपल्याकडे दक्षिणेतल्या मळ्यांतही व्हॅनिलाची फुलं हातानेच फळवावी लागतात. त्या मुलाला मंडलांची नावं कुणी शिकवली नव्हती, पण कुठला भाग कुठे अडतोय ते त्याने नेमकं हेरलं होतं.

टोमॅटोचा तुमचा मुद्दा मला सगळ्यात आवडला. निरीक्षण अगदी बरोबर, निष्कर्ष तेवढा पटत नाही. मधमाशी येत नाही म्हणजे परागीभवन होत नाही असं नव्हे. टोमॅटोच्या फुलात मधे पिवळी चोच दिसते ना, ती म्हणजे एकमेकांना जुळलेले परागकोश, परागांच्या पिशव्या. कुक्षी त्या चोचीच्या आत किंवा टोकाशी असते आणि फूल खाली मान घालून लोंबतं. वाऱ्याने झाड हललं की आतले पराग सुटून तिथल्या तिथे कुक्षीवर पडतात. तुमच्या गच्चीवर वारा भरपूर आहे, एवढाच त्याचा अर्थ. बंद काचघरात वारा नसतो, म्हणून युरोपातले टोमॅटोवाले आधी फुलं यंत्राने थरथरवत आणि आता त्यासाठी खास पाळलेले भुंगे सोडतात. वांग्याच्या परागकोशांना तर फक्त टोकाला भोक असतं. आपला काळा भुंगा फुलाला मिठी मारून अंग थरथरवतो तेव्हा तिथून पराग उडतात. त्या वेळी त्याच्या गुणगुणण्याचा सूर बदलतो, कान दिलात तर ऐकू येईल. पोळ्यातल्या मधमाशीला ही थरथर जमत नाही. आणि एप्रिल-मेमध्ये तुमचे टोमॅटो फुलं गाळतील तेव्हा मधमाशीला किंवा वाऱ्याला बोल लावू नका, त्या उष्म्यात परागच निकामी होतात.

मिरचीही बहुतेक स्वतःचं स्वतः भागवते. तरी ढोबळी आणि लवंगी शेजारी लावून घरचं बी धरलंत, तर पुढच्या खेपेला काय निघेल याची खात्री देता येत नाही. कुणीतरी मधे ये-जा करतं, हा त्याचाच पुरावा.

घरच्या माणसाला उपयोग काय, याचं उत्तर खरं तर विळीवर मिळतं. वांग्याचा काटेरी टोप हा निदलपुंज, कळीचं रक्षण करून झालं तरी न गळलेला. लाल अंबाडीचं सरबत करतो तेही निदलांचंच. लवंग ही न उमललेली कळी, केशराच्या काड्या या कुक्षी, एका फुलाला तीनच. पण मला विचाराल तर मक्याचं कणीस घ्या. त्याचा केसन्‌ केस एकेका दाण्यापासून निघून पानांच्या बाहेर आलेला असतो, वरच्या तुऱ्यातले पराग झेलायला. पराग केसाच्या टोकावर पडला की त्याची नलिका केसाच्या आतून वीतभर उतरत त्या एका दाण्याच्या जागी पोचते. कणसात मधेच दाणे नसलेली जागा दिसते तिथल्या केसांना पराग मिळालेले नसतात. परसात मका लावताना एक लांब ओळ करण्यापेक्षा चौकोनी वाफा करावा तो याचसाठी. वाऱ्याने पराग कुठेही उडाले तरी शेजाऱ्याच्या केसांवर पडतात. काकडी एका बाजूला वाकते तिथेही पुष्कळदा हेच असतं, थोड्याच बीजांडांना (ज्यांचं पुढे बी होतं) पराग पोचलेले असतात आणि तेवढीच बाजू फुगते.

तेव्हा दुधीचं असं करा. नर फुलं राहू द्या. संध्याकाळी पाच-सहाच्या सुमाराला वर जा, ताजं उमललेलं एक नर फूल देठासकट तोडा, त्याच्या पाकळ्या मागे दुमडा आणि मधला पिवळा भाग मादी फुलाच्या मधोमध असलेल्या जाड, चिकट कुक्षीवर सगळीकडून हलकेच टेकवा. कुंचला नको, त्यात निम्मे पराग अडकून बसतात. पावसाची सर येणार असेल तर नंतर फुलावर कागदाची टोपी घाला, भिजलेले पराग फुटतात. मादी फुलं फारच कमी असतील तर मुख्य वेलाचा शेंडा खुडा, बाजूच्या फुटव्यांवर ती जास्त येतात.

आठवड्याभरात बारीक दुधीचा देठ जाड झाला आणि तो खाली वाकायला लागला, तर धरला म्हणायचा. नाही धरला तर फुलाचा फोटो पाठवा, पण मागच्या बाजूने काढलेला. मागे तुम्ही पाठवलात त्यात पाकळ्या सुरेख आल्यात, नर की मादी ते काही कळत नाही.