पर्शियनांचं स्वतःचं काय? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

हखामनी साम्राज्यावरच्या, म्हणजे सायरस आणि दारियस यांच्या प्राचीन पर्शियन (इराणी) साम्राज्यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलेली प्रतिक्रिया दोनदा वाचली. मुद्दे नेमके आहेत, म्हणून खाली दोन ओळीत न आटोपता सविस्तर उत्तर देतो. नंतर येणाऱ्या वाचकांसाठी तुमचं म्हणणं थोडक्यात मांडतो. पर्शियनांची लिपी बॅबिलोनची, राजवाडे असिरियाच्या नमुन्यावरचे, पाथरवट ग्रीक, कारकून एलामी. ‘मग यात पर्शियन ते काय? दोनशे वर्षं उसनवारीवर चाललेल्या राज्याला तुम्ही संस्कृती म्हणता.’ शिवाय पर्सेपोलिस या राजधानीतल्या मजुरांना शिधा मिळत होता हे मी कौतुकानं सांगितलं, पण ती माणसं वेठीची होती हे सांगितलं नाही, असा तुमचा आक्षेप आहे.

तुमच्या यादीतलं बरंचसं खरं आहे. त्यावरून काढलेला निष्कर्ष मात्र मला अजिबात मान्य नाही.

आधी एलामचं, म्हणजे आजच्या नैर्ऋत्य इराणमधल्या जुन्या राज्याचं, बघू, कारण सगळी गाठ तिथेच आहे. तुम्ही एलामींना पर्शियनांचे शेजारी धरता, ज्यांच्याकडून त्यांनी कारकून आणले. पण पर्शियन लोक ज्या फार्स प्रांतात वसले तो एलामच्या जुन्या राज्याचा अर्धा भाग होता. खाली सपाटीवर सुसा आणि वर डोंगराळ भागात अनशान, या दोन पायांवर एलाम शेकडो वर्षं उभा होता. इराणी भाषा बोलणारे पशुपालक या अनशानच्या मुलखात आले आणि तिथल्या लोकांमध्ये कित्येक पिढ्या मिसळत गेले. सायरसनं इ.स.पू. ५३९ मध्ये बॅबिलोन घेतल्यावर जो मातीचा दंडगोल लिहून घेतला, त्यात तो स्वतःच्या वडिलांना, आजोबांना आणि तेइस्पेस या पूर्वजाला अनशानचे राजे म्हणतो. पर्शियाचा राजा अशी पदवी तो तिथं लावत नाही. ज्या माणसानं साम्राज्य उभं केलं तो एका जुन्या एलामी शहराच्या नावानं स्वतःची ओळख सांगत असेल, तर एलामी भाषेतला हिशेब त्याच्यानंतरच्या राजांना परका कसा वाटेल?

हाच दंडगोल मानवी हक्कांचा पहिला जाहीरनामा म्हणून मिरवला जातो. १९७१ साली इराणनं त्याची प्रतिकृती संयुक्त राष्ट्रसंघाला भेट दिली, तेव्हापासून ही समजूत फारच पसरली. २०१३ च्या अखेरीस मूळ दंडगोल मुंबईत छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आला होता, तेव्हाही हीच चर्चा सगळीकडे झाली. मी तसा दावा करत नाही. बॅबिलोनच्या लेखनिकांनी तिथल्या परंपरेप्रमाणे, मर्दुक देवाच्या नावानं लिहिलेला आणि इमारतीत पुरायचा तो लेख आहे. मला त्यात एक वेगळीच गोष्ट फार मोलाची वाटते. शेवटी सायरस सांगतो की बांधकाम करताना आपल्याला पूर्वीचा राजा अशुरबनिपाल याचा लेख सापडला. हा तोच असिरियन राजा, ज्यानं सुमारे शंभर वर्षांपूर्वी सुसा लुटली, एलामच्या जमिनीवर मीठ पसरल्याची फुशारकी मारली. अनशानचा राजा त्याचं नाव आदरानं, आपल्याआधीचा राजा म्हणून घेतो. मागच्या सगळ्या राज्यांचे वारस आपणच, ही भूमिका इथे पहिल्या दिवसापासून आहे.

आता पर्सेपोलिसच्या मातीच्या पाट्यांकडे येतो. १९३३ साली तटबंदीच्या भागात शिकागो विद्यापीठाच्या पथकाला त्या हजारोंनी सापडल्या. इ.स.पू. ५०९ ते ४९३ या काळातल्या, म्हणजे सायरसनंतर काही वर्षांनी गादीवर आलेल्या दारियस राजाच्या कारकिर्दीतल्या. बहुतेक एलामीत, काही शे अरामाईकमध्ये. जुन्या पर्शियन भाषेत फक्त एक! तुम्ही हाच आकडा उसनवारीचा पुरावा म्हणून दिला आहे. मला तो उलट दिशेनं बोलताना दिसतो. ज्या दरबाराला आपली भाषा लादायची आहे तो कोठाराचा हिशेब दुसऱ्या भाषेत चालू देत नाही. इथे मात्र कोणाला कोणती लिपी सोपी पडते त्याप्रमाणे काम चालत होतं. एक पाटी तर ग्रीकमध्ये आहे. द्राक्षासवाची नोंद, शब्द ग्रीक, माप पर्सेपोलिसचं आणि महिना बॅबिलोनी पंचांगातला. मोजक्या शब्दांच्या त्या नोंदीत अख्खं राज्य कसं चालत होतं ते कळतं.

देवांच्या बाबतीतही तेच. दारियस बेहिस्तूनच्या कड्यावर कोरलेल्या लेखात पुन्हा पुन्हा सांगतो की अहुरमज्दा या इराणी देवाच्या कृपेनं मी राजा झालो. पण त्याच दारियसच्या कोठारातून हुंबान या एलामी देवाला अहुरमज्दापेक्षा जास्त धान्य जातं. एकाच पुजाऱ्याच्या नावावर हुंबान, अहुरमज्दा, डोंगर आणि नद्या अशा सगळ्यांच्या पूजेचा शिधा निघालेला आढळतो. यातला कुठला देव ‘आपला’ आणि कुठला ‘उसना’, हा प्रश्न त्या पुजाऱ्याला पडला असेल असं मला वाटत नाही.

लिपीबद्दल मात्र तुमचं विधान चुकीचं आहे. पाचरीच्या आकाराची कल्पना मेसोपोटेमियातून आली हे खरं, पण जुन्या पर्शियनसाठी वापरलेली ३६ ध्वनिचिन्हं बॅबिलोनची नाहीत. ती नव्यानं घडवली आहेत, बहुधा दारियसच्याच काळात. बॅबिलोनच्या लिपीत शेकडो चिन्हं होती. त्यापुढे ही फार सुटसुटीत आहे.

राजवाड्यांचं बोलायचं तर दारियसनं सुसाच्या वाड्याच्या पायाभरणीचा लेखच लिहून ठेवला आहे. देवदार लेबनॉनचं. शिसवीचं लाकूड गंधार आणि कर्मानचं. सोनं सार्दिस आणि बॅक्ट्रियातून आणलं, पिरोजा ख्वारेझ्ममधून, चांदी इजिप्तमधून, हस्तिदंत कुश (नुबिया), हिंदुश (सिंधूचा प्रदेश) आणि अराकोशियातून (आजचा दक्षिण अफगाणिस्तान). पाथरवट आयोनियाचे (ग्रीक) आणि सार्दिसचे, सोनार मीड (पर्शियनांचे इराणी शेजारी) आणि इजिप्शियन, विटा पाडणारे बॅबिलोनचे. तुमच्या प्रतिक्रियेतली यादी यापुढे फारच तोकडी आहे, आणि ही यादी राजानं स्वतः दिली आहे! उसनं घेतलेलं माणूस लपवतो. हा राजा ते कोरून ठेवतो, कारण इतक्या देशांचे हात आपल्या वाड्याला लागले हाच त्याचा अभिमान आहे. १९७२ मध्ये सुसाला दारियसचा पुतळा सापडला, तो इजिप्तमध्ये घडवलेला. अंगावर पर्शियन झगा, बैठकीवर चित्रलिपीत राज्यातल्या २४ देशांची नावं.

असिरियाची नक्कल, हा तुमचा सगळ्यात वजनदार मुद्दा. पंख असलेले बैल, दगडी भिंतींवरची शिल्पं, हे असिरियातून आलं, निःसंशय. पण भिंतीवर काय कोरलं ते बघा. असिरियाची राजधानी निनवे इथल्या शिल्पांमध्ये अशुरबनिपाल बागेत राणीबरोबर मेजवानी झोडतो आहे आणि झाडाला एलामचा राजा तेउम्मान याचं मुंडकं टांगलेलं आहे. पर्सेपोलिसच्या अपादानाच्या, म्हणजे दरबाराच्या मोठ्या दालनाच्या, जिन्यावर एकही लढाई नाही. २३ देशांची शिष्टमंडळं भेटी घेऊन येतात आणि प्रत्येकाच्या म्होरक्याचा हात धरून एक दरबारी त्याला पुढे नेतो. हिंदुशचा माणूस खांद्यावर कावड घेऊन चालला आहे, तिच्या टोपल्यांत सोन्याची भुकटी असावी असं मानतात. पर्शियन आणि मीड सरदार वाट बघत एकमेकांशी बोलताहेत, कोणी मागे वळून मित्राचा हात धरला आहे. हे असिरियातून आलेलं नाही. याचं मूळ शोधायचं तर इझेहजवळच्या कुल-ए फराह इथल्या एलामी कातळशिल्पांकडे जावं लागतं. तिथे पर्सेपोलिसच्या आधीपासून माणसांच्या रांगा राजासमोर चालताहेत, एका शिल्पात तर शंभराहून जास्त माणसं आहेत. पुन्हा एलामच, बघा.

हे शांततेचं चित्र म्हणजे राज्य प्रत्यक्षात तसं होतं असं नाही. बेहिस्तूनला दारियसचा पाय गौमाता नावाच्या, सिंहासन बळकावल्याचा आरोप असलेल्या माणसाच्या छातीवर आहे, समोर गळ्यात दोर बांधलेले बंडखोर उभे आहेत. फ्रवर्तिश या मीड बंडखोराचं नाक-कान कापून एक डोळा काढला हे तो स्वतः सांगतो. हिंसा होतीच. पण आपल्या वाड्याच्या जिन्यावर काय दाखवायचं हे या राजांनी ठरवलं, आणि ते असिरियापेक्षा वेगळं ठरवलं. ती निवड त्यांची स्वतःची आहे, आणि मी संस्कृती म्हणतो ती यालाच.

मजुरांबद्दलचा आक्षेप मात्र पूर्ण वजनानं घ्यायला हवा. पाट्यांमध्ये ज्यांना कुर्तश म्हटलं आहे, त्यात थ्रेस, लिशिया, कप्पाडोशिया, बॅबिलोन, इजिप्त, बॅक्ट्रिया अशा ठिकाणची माणसं शेकड्यांच्या गटांनी दिसतात. इतक्या लांबून ती सगळी आपखुशीनं आली असतील हे पटत नाही. काम सोडून घरी जायची मोकळीक त्यांना असल्याचं कुठे दिसत नाही. मिळत होता तो शिधा: जव, कधी आसव, क्वचित मांस. बायकांच्या गटांवर बायकाच मुकादम होत्या आणि त्यांना बहुतेक पुरुष मजुरांहून जास्त शिधा मिळे. बाळंतिणीला वेगळा शिधा होता, पण मुलगा झाला तर मुलगी झालेल्या आईच्या दुप्पट. या नोंदी मला महत्त्वाच्या वाटतात त्या राजाच्या दयाळूपणासाठी नाहीत. ग्रीक इतिहासकार हेरोडोटसनं ज्यांच्याबद्दल एक ओळ लिहिली नाही, त्या बायका इथे आपापल्या वाट्याच्या धान्यासकट हजर आहेत, म्हणून मी त्यांच्यावर लिहिलं आणि पुढेही लिहीन.

एलामवर स्वतंत्र लेख लिहा, असं तुम्ही शेवटी सुचवलं आहे. नक्की लिहितो. सुरुवात चोगा झंबीलपासून करेन, इ.स.पू. तेराव्या शतकात उंतश-नपिरिशा राजानं बांधलेल्या मंदिरापासून. तिथल्या विटांवरही लेख आहेत, काही एलामीत आणि काही अक्कदीत.