आंबे माझे, झाड पुतण्यांचं

परवा नागपुरात गोकुळपेठच्या बाजारात एका ओळखीच्या बाईंनी विचारलं, "घर बिल्डरला कधी देताय?" म्हटलं, माझं असतं तर दिलं असतं ना बाप्पा!

आमच्या ह्यांच्या मृत्युपत्रात साफ लिहिलंय: पत्नीने हयातीपर्यंत घराचा उपभोग घ्यावा, विक्री, गहाण वा बक्षीस करण्याचा अधिकार तिला राहणार नाही, तिच्यानंतर घर दोन्ही पुतण्यांचं. आम्हाला मूलबाळ नाही. वरच्या खोल्यांचं भाडं माझं. अंगणातल्या झाडाचे आंबे माझे. झाड मात्र पुतण्यांचं. भाडेकरू कार लावायला जागा हवी म्हणून झाड तोडा म्हणत होता. वायरींना लागणाऱ्या फांद्या छाटून दिल्या, बुंध्याला हात लावू दिला नाही.

वकीलसाहेब म्हणाले, भांडा की! १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याचं कलम १४ आहे, तुलसम्मा खटल्यातला सुप्रीम कोर्टाचा १९७७ चा निकाल आहे. निर्वाहाच्या हक्कापोटी मिळालेली मालमत्ता, कागदात मर्यादित लिहिली असली तरी, बाईची पूर्ण मालकीची होऊ शकते. पण मी शिक्षिका होते, माझी पेन्शन आहे. पोटापाण्यासाठीच घर दिलं असं कोणत्या तोंडाने म्हणू? १९५६ पूर्वी हिंदू विधवेला नवऱ्याची इस्टेट मिळाली तरी ती अशीच हयातीपुरती मिळायची. तिने नासधूस केली तर पुढचे वारस कोर्टातून मनाई आणायचे. ते बंधन बाई म्हणून लादलेलं होतं, गेलं ते बरंच झालं. माझी गोष्ट वेगळी आहे. घर त्यांचं होतं, पुढे कुणाला जावं हे त्यांनी ठरवलं.

त्याच वकीलसाहेबांनी इंग्लंडची एक भारी गोष्ट सांगितली. रॅबीच्या किल्ल्यात हयातीपुरता हक्क असलेले एक लॉर्ड बार्नार्ड मुलावर रागावले आणि त्यांनी किल्ल्याचं शिसं, लोखंड, काचा, दारं सगळं उचकटून काढलं. नासधुशीचा जाब त्यांना विचारायचा नाही असं दस्तात लिहिलेलं असूनही १७१६ साली कोर्टाने त्यांना थांबवलं, वर किल्ला होता तसा करून द्यायला लावला. मला हसू आलं. आमच्याकडे माणसं सागवानी चौकटी विकतात, तीही रागाने नाही, पैशाने.

पण पाडणं वेगळं आणि पडू देणं वेगळं. २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे अंबाझरी तलाव ओसंडला आणि आमच्या घरात गुडघाभर पाणी शिरलं. फ्रिज, गाद्या, ह्यांची पुस्तकं गेली. वायरिंग, प्लास्टर, रंग मी माझ्या पैशाने केला. मालमत्ता कर, पाणीपट्टी, गच्चीची गळती हेही माझंच, राहते मी तर भरायचं कुणी? मागची भिंत मात्र तडकली ती पायापासून. ती नव्याने बांधली तर पुढची कितीतरी वर्षं उभी राहील, आणि त्यातली फार थोडी माझ्या वाट्याला येतील. असा खर्च राहणारीने एकटीने करावा हे मला पटत नाही. उद्या ज्यांचं घर आहे त्यांनीही खिशात हात घालावा.

ग्रुपवर भिंतीचे फोटो टाकले. मोठ्या पुतण्याने नुसता अंगठ्याचा इमोजी टाकला. धाकटा पुण्याहून म्हणाला, "काकू, दिवाळीत आलो की बघू." दिवाळी आली, फराळ झाला, मागच्या अंगणात कुणी गेलं नाही. काकूने घर नीट ठेवावं हे दोघांना पाठ आहे. आपण काय करायचं हे कुणी विचारत नाही. काहून विचारतील, घर तर कुठे जात नाही!

शेवटी एफडी मोडली. भिंत झाली. मिस्त्रीच्या बिलावर दोन्ही पुतण्यांची नावं लिहून ते मृत्युपत्राच्याच फाईलमध्ये लावलंय.

यंदा दोघांनाही आंबे पाठवले. आंबे गोड निघाले असा दोघांचाही फोन आला.