झाकली मूठ आणि छापलेलं पुस्तक

जादूच्या खेळातली मेख पुस्तकात छापणं म्हणजे गरीब कलाकाराच्या पोटावर पाय, असं आमच्याकडे पुष्कळांना अजून वाटतं. दशावतार या कोकण-गोव्यातल्या लोकनाट्यवाल्यांना तर नक्कीच. गोव्यात पेडण्याकडे नाटकाच्या जाहिरातीत 'ट्रिकसीनयुक्त' (म्हणजे रंगमंचावर चमत्कार दाखवणारे प्रवेश असलेलं) हा शब्द ठळक असतो आणि त्या प्रवेशाच्या तयारीच्या वेळी रंगपटात परक्याला थारा नसतो. झाकली मूठ सव्वा लाखाची. त्यांची बाजू मला कळते, पण छापल्यामुळे ही कला मेली असती तर ती चारशे वर्षांपूर्वीच मेली असती.

ज्यांच्या क्रिस्तपुराण या मराठी काव्याचं आपल्याला कौतुक, ते इंग्रज धर्मगुरू फादर स्टीफन्स १५७९ साली गोव्यात उतरले. त्यानंतर पाच वर्षांनी, १५८४ मध्ये, त्यांच्या मायदेशात, इंग्लंडात, केंटच्या रेजिनाल्ड स्कॉटने 'डिस्कव्हरी ऑफ विचक्राफ्ट' हा ग्रंथ काढला. स्कॉट जादूगार नव्हता. म्हाताऱ्या, निराधार बायकांना चेटकिणी ठरवून फासावर देत, ते त्याला बघवेना. लोक ज्याला सैतानाची करणी म्हणतात ते साध्या हातचलाखीने होतं, हे पटवायला त्याने नाण्यांचे, पत्त्यांचे, सुऱ्यांचे खेळ सोडवून दाखवले, तेही चित्रं काढून. कपाळात घुसणाऱ्या दाभणाची मूठ पोकळ, टोक टेकवलं की पातं आत सरकतं. ताटात ठेवलेलं मुंडकं बोलतं, कारण टेबलाला भोकं दोन आणि पोरगेही दोन: एकाचं धड वर, डोकं भोकातून खाली, आणि दुसरा टेबलाखाली बसून ताटातून डोकं काढतो. आणि हे सगळं सांगताना स्कॉट चक्क हळहळतो, की यावर पोट भरणाऱ्या गरिबांचं माझ्यामुळे नुकसान होणार! म्हणजे आजचा वाद पहिल्याच लेखकाला टोचला होता.

स्कॉटलंडचा राजा जेम्स मात्र भडकला. १५९७ साली त्याने चेटूक खरं असतं हे सांगायला स्वतः पुस्तक लिहिलं आणि त्यात स्कॉटचं नाव घेऊन टीका केली. आपल्याकडे काय होतं? छापखाना होता, १५५६ पासून, आशियातला पहिला म्हणून आपण सांगतो तोच. आणि १५६० पासून इन्क्विझिशन हे चर्चचं धर्मन्यायालयही होतं, जे जादूटोण्याच्या आरोपावरून माणसं धरायचं. असलं पुस्तक जुन्या गोव्यात छापणाऱ्याचं काय झालं असतं ते लिहीत बसत नाही.

पुढे १६३४ मध्ये 'होकस पोकस ज्युनिअर' आलं, निव्वळ खेळ शिकवणारं. पण माझा जीव जडलाय तो १८७६ च्या 'मॉडर्न मॅजिक'वर. लेखक प्रोफेसर हॉफमन. खरं नाव अँजेलो लुईस, पेशाने बॅरिस्टर. व्यावसायिक जादूगार जे सांगेनात ते या वकिलाने व्यवस्थित मांडलं. त्याचा पहिला नियम: पुढे काय करणार ते प्रेक्षकाला आधी सांगू नये. दुसरा: एकच खेळ त्याच संध्याकाळी पुन्हा करू नये. नाणं तळव्यात दडवायचं तर ते पकडणं हा अर्धाच भाग, तो हात मोकळ्या हातासारखा दिसला पाहिजे, ही खरी मेहनत. कोटाला चोरखिसे कुठे, टेबलामागे लपवलेली फळी कुठे, सगळं आहे. जत्रेतल्या फेरीत, म्हणजे दुकानांत, आपण घ्यायचो ती 'जादूचे प्रयोग' छापाची चोपडी आठवा. तिच्यात युक्ती दोन ओळींत उरकलेली, नजर कुठे ठेवायची, तोंडाने काय बडबडायचं, याचा पत्ताच नाही. म्हणून ते प्रयोग वर्गात कुणाचेच जमायचे नाहीत. आजचे गुपित फोडणारे रील्स त्याच चोपडीचे वंशज आहेत.

नीट शिकवणाऱ्या पुस्तकाने धंदा बुडाला नाही, उलट नवीन पोरं तयार झाली. फ्रान्सचा नामांकित जादूगार रॉबेर-उदँ मुळात घड्याळजी होता. आठवणींत तो सांगतो की दुकानदाराने घड्याळांच्या पुस्तकाऐवजी चुकून जादूचं पुस्तक हातात दिलं. गोष्ट जरा सजवलेली असेलही. पण त्यानेही १८६८ मध्ये आपली विद्या पुस्तकात मांडली, आणि बेड्यांतून सुटून दाखवणाऱ्या प्रसिद्ध जादूगार हुदिनीने नाव घेतलं ते याच माणसावरून.

आणि आपला कांदोळीचा अबे फारिया, संमोहनाने माणसांना झोपवणारा पाद्री? प्रवचनात अडखळलेल्या फारियाला बापाने धीर देताना म्हटलेलं 'कातर रे भाजी' सगळ्यांना पाठ. पणजीतल्या पुतळ्यापुढे फोटो काढणाऱ्यांना तो मांत्रिक वाटतो. प्रत्यक्षात पॅरिसमध्ये १८१९ साली आलेल्या आपल्या पुस्तकात तो सांगतो की झोपवणाऱ्याच्या अंगात कसलीही शक्ती नसते, जे घडतं ते झोपणाऱ्याच्या मनात. स्वतःचीच झाकली मूठ उघडणारा गोंयकार!

आता ट्रिकसीनचं. हवेत उडणारा देव, फुटणारा खांब, एका क्षणात बदलणारं रूप, या युक्त्या बांधणारे जाणते कारागीर म्हातारे होत चाललेत. माझं मत असं, की त्यांना रीतसर मानधन द्यावं, कंपनीच्या संमतीने दोऱ्या-खटक्यांसकट आकृत्या काढून घ्याव्यात आणि मराठीत एक जाड पुस्तक काढावं. चालू नाटकाची युक्ती वाटल्यास दहा वर्षं छापू नका. विंगेतून मोबाईल घुसवून केलेलं शूटिंग यात धरत नाही, ती चोरी. कुणाच्या घरी अशी जुनी वही असेल तर इथे फोटो टाकू नका, आधी ज्याची आहे त्याला विचारा.