घातांकांची बेरीज केली की काम संपलं? इतक्यात नाही

‘सहगुणकांचा गुणाकार करा, घातांकांची बेरीज करा, काम संपलं. घातांक वजा आला तर उत्तर वजा. आणि कॅल्क्युलेटर जे दाखवेल ते जसंच्या तसं उतरवा.’ वैज्ञानिक रूपातल्या संख्यांच्या गुणाकाराची ही युक्ती परीक्षा जवळ आली की हमखास फिरायला लागते. (वैज्ञानिक रूप म्हणजे ५ × १०^३ अशी मांडणी: त्यातला ५ हा सहगुणक आणि ^ या खुणेनंतरचा ३ हा घातांक.)

‘काम संपलं.’ सहगुणक आणि घातांकांबद्दल सांगितलंय ते बरोबरच आहे, पण काम तिथे संपत नाही. हायड्रोजनच्या एका अणूचं वस्तुमान १.६७४ × १०^-२४ ग्रॅम. त्याला अ‍ॅव्होगाड्रो संख्येने (एका मोलमध्ये किती कण असतात ती संख्या), म्हणजे ६.०२२ × १०^२३ ने गुणा. हाती येतं १०.०८ × १०^-१. किंमत चुकलेली नाही, पण हे वैज्ञानिक रूप नव्हे. सहगुणक १ किंवा त्याहून मोठा आणि १० पेक्षा लहान हवा. दशांशचिन्ह एक घर डावीकडे सरकलं की घातांक एकने वाढतो: -१ चा ० होतो आणि उत्तर १.००८ ग्रॅम. इथेच पुष्कळजण -१ चं -२ करून बसतात आणि उत्तर शंभरपट लहान होतं. सहगुणक लहान केला तर घातांक मोठा व्हायलाच हवा, नाहीतर किंमत बदलणार, एवढं डोक्यात ठेवलं तर दिशा चुकत नाही.

‘घातांक वजा, तर उत्तर वजा.’ साफ चूक. १०^-२४ म्हणजे १ भागिले १०^२४: अतिशय लहान, पण धनच. उत्तराचं चिन्ह सहगुणक ठरवतात. -३ × १०^४ गुणिले २ × १०^-९ याचं उत्तर -६ × १०^-५. त्यातला पहिला वजा -३ मुळे आला, घातांकामुळे नाही.

‘कॅल्क्युलेटरवरचं सगळं उतरवा.’ माझ्या मते सगळ्यात जास्त नुकसान हा सल्ला करतो, कारण असं उत्तर दिसायला भारी अचूक वाटतं. प्रकाशाचा वेग २.९९८ × १०^८ मीटर प्रतिसेकंद आणि वर्षाचे सेकंद ३.१५६ × १०^७ घेऊन प्रकाशवर्ष, म्हणजे प्रकाश एका वर्षात कापतो ते अंतर, काढा. पडद्यावर येतं ९.४६१६८८ × १०^१५ मीटर. प्रकाशवर्षाची खरी किंमत ९.४६०७३० × १०^१५. म्हणजे ९.४६ च्या पुढचा एकही अंक जुळत नाही! आपण दिलेल्या संख्यांत चारच सार्थ अंक (ज्यांवर भरवसा ठेवता येतो असे अंक) होते, त्यामुळे उत्तरातही चारच ठेवायचे: ९.४६२ × १०^१५. त्यातलाही शेवटचा अंक एकने चुकलाय, पण शेवटचा अंक डळमळीत असतो हे गृहीतच आहे. उरलेले तीन अंक मात्र निव्वळ शोभेचे.

आणि कॅल्क्युलेटरवर एवढा विश्वास टाकायचाच, तर बटणं तरी नीट दाबावीत. ५ × १०^३ भरताना पाच, गुणिले, दहा, ‘ईएक्सपी’, तीन असं दाबणारे खूप आहेत. ‘गुणिले दहाचा घात’ हे त्या बटणातच आलेलं असतं, त्यामुळे ५,००० ऐवजी ५०,००० आत जातात. दोन्ही संख्या अशाच भरल्या तर गुणाकार शंभरपट फुगतो. पाच, ‘ईएक्सपी’, तीन: एवढंच दाबायचं.