‘तहात हरले’ म्हणणाऱ्यांसाठी

१० मे २०२५ ची संध्याकाळ. भारत-पाकिस्तान शस्त्रसंधीची बातमी आली आणि आमच्या गोरेगावच्या सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर, जिथे एरवी पाण्याचा टँकर आणि पार्किंगवरून हमरीतुमरी चालते, दहा मिनिटांत चौघांनी तेच वाक्य टाकलं. ‘मराठे युद्धात जिंकतात आणि तहात हरतात.’ एकाने ‘मराठे’ काढून ‘भारत’ घातलं होतं, बाकी मजकूर तोच. खाली अंगठ्यांची रांग.

शाळेपासून ऐकतोय हे वाक्य आणि दरवेळी डोक्यात जातं. यात धरूनच चाललेलं असतं की लढाई हे खरं मर्दुमकीचं काम आणि तह म्हणजे मागाहूनची कारकुनी. मला तर वाटतं की युद्ध करतात तेच मुळी तहासाठी. समोरच्याकडून काय लिहून घ्यायचंय आणि त्याने ते पाळलं नाही तर आपण काय करणार, हे आधी ठरलेलं नसेल तर रणातल्या विजयाला फार तर मिरवणुकीपुरती किंमत.

ज्या जमिनीवर बसून हे मेसेज पाठवले गेले तिचीच गोष्ट बघा ना. वांद्र्यापासून वर ठाण्यापर्यंतचं हे सगळं साष्टी बेट. १७३७ मध्ये मराठ्यांनी पोर्तुगीजांकडून घेतलं, १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतली. १७७४ च्या डिसेंबरात इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला काबीज केला आणि साष्टी गेली. मग राघोबादादांना पुण्याच्या गादीवर बसवायला मुंबईकर इंग्रजांची फौज घाट चढून निघाली, ती जानेवारी १७७९ मध्ये वडगावला कोंडली गेली. समोर महादजी शिंदे, रसद तुटलेली, मागे फिरायची सोय नाही. साहेबाने नाक घासून लिहून दिलं की १७७३ पासून घेतलेला सगळा मुलूख परत करतो. साष्टी त्यात आलीच. आपण ओलीस म्हणून दोन इंग्रज ठेवून घेतले आणि फौज सोडून दिली.

फौज मुंबईत सुखरूप पोचली. मुंबई सरकार म्हणालं, सही करणाऱ्यांना तसा अधिकारच नव्हता, आम्हाला हा कागद मान्य नाही. संपलं. पुन्हा लढाया झाल्या आणि १७८२ च्या सालबाईच्या तहात वसई परत मिळाली, साष्टी मात्र इंग्रजांकडेच राहिली. म्हणजे गोरेगाव गेलं ते गेलंच.

आता यात कुणा कारकुनाने काय घालवलं सांगा. कोंडलेली फौज हीच आपली बँक गॅरंटी होती आणि ती आपण कागदाच्या बदल्यात परत केली. रिडेव्हलपमेंटला गेलेल्या कुठल्याही सोसायटीच्या सेक्रेटरीला विचारा, तो कपाळाला हात लावेल.

उलट पुरंदरचा तह. जून १६६५, समोर मिर्झाराजे जयसिंग. महाराजांनी तेवीस किल्ले दिले, स्वतःकडे बारा ठेवले. पस्तिसातले तेवीस! आज कुणी असा तह केला तर आमच्या ग्रुपवर काय काय लिहिलं जाईल, विचारही करवत नाही. पण त्या तहाने राज्य जिवंत राहिलं, पुढे आग्र्याहून सुटका झाली, घडी बसवायला वेळ मिळाला आणि १६७० उजाडलं तसे किल्ले परत यायला लागले. फेब्रुवारीत कोंढाणा, मार्चमध्ये खुद्द पुरंदर. कोंढाण्याचा पोवाडा आपण ऐकतो. मधली साडेचार वर्षं कुणाला आठवत नाहीत, आणि मला विचाराल तर खरी रणनीती तिथेच आहे.

१९७१ बद्दलही तसंच. तेरा दिवसांत ढाका, ९३,००० युद्धकैदी आणि मग ‘सिमल्यात सगळं घालवलं’ हा ठरलेला सूर. लोकलमध्ये तर याच्यावर बोरिवली ते चर्चगेट भांडणं होतात. पण हे तेरा दिवस कुठून आले? पावसाळा सरून बंगालमधल्या नद्या उतरेपर्यंत आणि हिमालयातल्या खिंडी बर्फाने बंद होऊन चीनची वाट अडेपर्यंत थांबण्यातून आले. ९ ऑगस्टला सोव्हिएत संघाशी करार झाला होता, म्हणून डिसेंबरात सुरक्षा परिषदेत आपल्यासाठी नकाराधिकार वापरणारं कुणीतरी होतं. बांगलादेश हवा होता, तो मिळाला. सिमल्यात काश्मीरचा कायमचा निकाल लावून घ्यायला हवा होता, हे मलाही वाटतं. फक्त कैद्यांच्या बदल्यात लिहून घेतलेला तो निकाल पुढे पाळून कोण घेणार होतं? हा प्रश्न आला की वडगाव आठवतं आणि मी जरा गप्प होतो.

अमेरिकेचं तर बोलायलाच नको. २० मार्च २००३ ला इराकवर हल्ला, ९ एप्रिलला बगदाद हातात. मे महिन्यात इराकी फौजच बरखास्त करून टाकली, म्हणजे लाखो माणसं हातात हत्यार असताना बेकार. तह करायला समोर कुणी उरलंच नाही. बाहेर पडायला डिसेंबर २०११ उजाडला.

आणि तह झाला तरी तो राखायला माणसं लागतात. इथे आपल्या एका माणसाचं नाव यायलाच हवं, ज्याचा फोटो ग्रुपवर कधी फिरत नाही. कोल्हापूरकडचे शंकरराव थोरात. १९५३ मध्ये कोरियात युद्धविराम झाला, तेव्हा मायदेशी परतायला नकार देणारे बावीस हजारांवर युद्धकैदी सांभाळायचं काम भारताच्या फौजेकडे आलं, आणि तिचे प्रमुख होते मेजर जनरल थोरात. दक्षिण कोरियाने आपल्या जवानांना जमिनीवर पाय ठेवायलाही मनाई केली, म्हणून त्यांना जहाजावरून हेलिकॉप्टरने थेट निर्लष्करी पट्ट्यात उतरवावं लागलं. एकदा कैद्यांनी एका भारतीय अधिकाऱ्याला कुंपणाच्या आत ओढून ओलीस धरलं. थोरात हत्यार न घेता आत गेले, बोलत बसले आणि त्याला सोडवून घेऊन आले. एकही गोळी सुटली नाही, त्यामुळे पोवाडाही झाला नाही.

ते जमलं, कारण दोन्ही बाजूंना निदान तेवढ्यापुरता तरी युद्धविराम हवा होता. जिथे तो नको असतो तिथे संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेची निळी टोपी कुणाला वाचवत नाही. रवांडात १९९४ मध्ये कत्तल सुरू झाली, दहा बेल्जियन शांतिसैनिक मारले गेले, आणि सुरक्षा परिषदेने काय केलं, तर २१ एप्रिलला फौज २७० माणसांवर आणायचं ठरवलं.

आपलं घरचं उदाहरण श्रीलंकेचं. २९ जुलै १९८७ चा करार भारत आणि श्रीलंका सरकारमधला. प्रत्यक्षात लढत होते ते तमिळ वाघ, त्यांची त्यावर सहीच नाही. शांतिसेना म्हणून गेलेली आपली फौज ऑक्टोबरात त्यांच्याशीच लढायला लागली आणि मार्च १९९० मध्ये परतली, तेव्हा जवळजवळ बाराशे जवान गमावले होते.

आमच्या तिसऱ्या मजल्यावरचे काका तेव्हा तिकडे होते. ग्रुपमध्ये आहेत, लिहीत काही नाहीत. दहा मेच्या रात्री जेवण झाल्यावर ते नेहमीसारखे खाली कंपाउंडमध्ये फेऱ्या मारत होते. मी गाठलंच. म्हटलं, काका, तुम्हाला काय वाटतं? आधी डाव्या गुडघ्याबद्दल बोलले. मग म्हणाले, “सुरुवातीला लोक आम्हाला हार घालत होते रे. आम्ही तिथे भांडण मिटवायला आलोय, एवढंच आम्हाला सांगितलेलं. ज्यांचं भांडण, त्यांना कुणी विचारलं होतं की नाही, ते आम्हाला काय ठाऊक!”

थोडा वेळ आम्ही नुसतेच चाललो. गेटपाशी वॉचमन मोबाईलवर बातम्या लावून बसला होता. काकांनी त्याला आवाज कमी करायला सांगितलं आणि माझ्याकडे वळले.

“बिल्डरचा तो करारनाम्याचा मसुदा आलाय ना, तू कमिटीत आहेस म्हणून विचारतो. पूर्ण वाचलास?”

एकशे बारा पानं आहेत. मी चाळिसाव्या पानावर आहे.