सीपीचा काटा: त्या पाच सूत्रांचा हिशेब

पोकेमॉन गो, म्हणजे बाहेर फिरून फोनवर पोकेमॉन धरायचा आणि लढवायचा गेम, खेळणाऱ्या आमच्या कोल्हापूरच्या ग्रुपवर एक मेसेज दर पंधरा दिवसांनी उगवतो. पाठवणारा दरवेळी वेगळा, मजकूर तोच: "सीपीची पाच सूत्रं. १) सीपी म्हणजे अटॅक, डिफेन्स आणि स्टॅमिना यांची बेरीज. २) ज्याचा सीपी जास्त तोच जिंकणार. ३) चार तारे नसतील तर सरळ प्रोफेसरकडे पाठवा. ४) आधी पॉवर-अप, मग इव्हॉल्व्ह, म्हणजे सीपी जास्त येतो. ५) पाण्याचे पोकेमॉन रंकाळ्यावरच धरा, तिथं सीपी जास्त मिळतो. पुढे पाठवा, नाद खुळा!" परवा हाच मेसेज माझ्या भाच्यानं मला पाठवला. खाली त्याची पुरवणी: "मामा, तुम्ही उगाच कॅल्क्युलेटर घेऊन बसता."

बसतो. आज पुन्हा बसलोय. नवख्यांसाठी आधी दोन शब्द: सीपी म्हणजे कॉम्बॅट पॉवर, प्रत्येक पोकेमॉनवर दिसणारा ताकदीचा आकडा. अटॅक म्हणजे वार, डिफेन्स म्हणजे बचाव, स्टॅमिना म्हणजे दम, त्यावरून एचपी (किती मार सोसेल तो आकडा) ठरतो. पॉवर-अप म्हणजे स्टारडस्ट ही गेममधली कमाई खर्चून लेव्हल वाढवणं, इव्हॉल्व्ह म्हणजे पुढच्या रूपात नेणं, आणि प्रोफेसरकडे पाठवणं म्हणजे कायमचा देऊन टाकणं.

पाचव्यापासून सुरू करतो, कारण त्यात निदान अर्धा दाणा खरा आहे. जंगली पोकेमॉन जास्तीत जास्त ३० लेव्हलचा मिळतो. पण त्याच्या जातीला मानवणारं हवामान असेल तर तो ३५ पर्यंत जातो. पावसाचं हवामान पाणी, वीज आणि कीटक या तीन जातींना मानवतं. आता आपल्याकडे जुलैत राजाराम बंधारा पाण्याखाली गेला की गेममध्येही दिवसचे दिवस पाऊसच दिसतो. त्या दिवसांत संध्याकाळी रंकाळ्यावर छत्री धरून फिरणाऱ्याला मोठ्या सीपीचे मॅजिकार्प मिळाले, तर तो गुण पावसाचा. तोच पाऊस शाहूपुरीत असेल तर तिथंही तेच होणार. पाण्याकाठी पाण्याच्या जाती जास्त दिसतात म्हणून गैरसमज होतो, एवढंच. मार्चमधल्या रणरणत्या दुपारी रंकाळ्याचा काठ तुम्हाला एक सीपीसुद्धा जादा देणार नाही.

आता पहिलं सूत्र. बाकीची चूक इथूनच फुटते, म्हणून इथं जरा बूड टेकवून बसूया.

गेम सीपीचं गणित पडद्यावर कुठंच दाखवत नाही. खेळणाऱ्यांनीच ते उकलून काढलं आणि कुठल्याही पोकेमॉनवर ते ताडून बघता येतं. प्रत्येक प्रजातीचे अटॅक, डिफेन्स, स्टॅमिना असे तीन मूळ आकडे ठरलेले असतात. त्यात त्या एका प्राण्याचे जन्मजात गुण मिळवायचे. यालाच आपण आयव्ही म्हणतो आणि तो प्रत्येक आकड्यामागे ० ते १५ असतो. मग अटॅक तसाच घ्यायचा, डिफेन्सचं वर्गमूळ काढायचं, स्टॅमिनाचंही वर्गमूळ काढायचं आणि तिन्हींचा गुणाकार करायचा. त्याला लेव्हलच्या गुणकाच्या (लेव्हलबरोबर वाढणाऱ्या ठरीव आकड्याच्या) वर्गानं गुणायचं, दहानं भागायचं आणि दशांश चिन्हापुढचं सोडून द्यायचं. उत्तर दहापेक्षा कमी आलं तर गेम १० दाखवतो.

मॅजिकार्प घ्या. बिचारा गणितासाठीच जन्माला आलाय. त्याचे मूळ आकडे २९, ८५, ८५. तिन्ही आयव्ही १५ धरले तर ४४, १०० आणि १००. शंभराचं वर्गमूळ दहा, हे चौथीतलं पोरगंही सांगेल. ४४ गुणिले १० गुणिले १०, झाले ४४००. लेव्हल ४० चा गुणक ०.७९०३ आहे, त्याचा वर्ग ०.६२४६. गुणा, दहानं भागा: २७४. कुठल्याही यादीत बघा, लेव्हल ४० च्या पूर्ण मॅजिकार्पचा सीपी २७४ च आहे. बेरीज केली असती तर २४४ आले असते, आणि त्या आकड्याचा गेममध्ये कशाशीच मेळ बसत नाही.

बऱ्याच फोनवर, फोन आडवा धरला की कॅल्क्युलेटरवर वर्गमुळाचं बटण येतं. भाच्याला तेही माहीत नव्हतं, म्हणून सांगतोय.

आता वर्गमुळानं काय होतं बघा. याच मॅजिकार्पचा अटॅक दुप्पट केला तर सीपीही दुप्पट, ५४९. अटॅक तसाच ठेवून डिफेन्स दुप्पट केला तर सीपी फक्त ३८८. म्हणजे सीपीच्या काट्यावर अटॅकचं वजन पुरेपूर धरलं जातं, सहनशक्तीचं मात्र कापून. चॅन्सी या पोकेमॉनचा लेव्हल ४० ला सीपी जेमतेम १२५५, पण एचपी ३९६. त्याच लेव्हलच्या म्यूटूचा सीपी ४१७८ आणि एचपी १८०. चॅन्सीला जिममध्ये, म्हणजे इतरांचे हल्ले परतवायच्या ठाण्यात, राखणीला बसवणारे वेडे नव्हेत. त्यात जिममध्ये जास्त सीपीवाल्याचा उत्साह लवकर उतरतो, तो मुद्दा वेगळाच.

आणखी एक खुट्टी आहे, तिच्याकडे जुन्या खेळाडूंचंही लक्ष जात नाही. सीपीत लेव्हलच्या गुणकाचा वर्ग होतो, पण लढाईत अटॅकला तो एकदाच लागतो. लेव्हल ३० चा गुणक ०.७३१७. तिथून ४० ला नेलं की सीपी जवळजवळ १७ टक्क्यांनी फुगतो, अंगातला अटॅक वाढतो फक्त ८ टक्के. त्यासाठी साध्या पोकेमॉनला दीड लाख स्टारडस्ट जाते. पडद्यावर आकडा झरझर चढताना बघून छाती फुगते हे मान्य, पण आकडा जितका चढतो त्याच्या निम्मीच ताकद चढते.

दुसरं सूत्र, जास्त सीपीवाला जिंकतो. याचं उत्तर मी स्वतः २,२५,००० स्टारडस्ट मोजून विकत घेतलंय.

२०१९ च्या जूनमध्ये स्लाकॉथचा कम्युनिटी डे, म्हणजे त्या एकाच पोकेमॉनची झुंबड उडते तो दिवस, झाला. त्या दिवशी मिळालेल्या एका चांगल्या स्लाकॉथचा मी स्लेकिंग केला आणि लेव्हल २० पासून ४० पर्यंत नेला. पूर्ण आयव्हीच्या स्लेकिंगचा सीपी त्या लेव्हलला ४४३१ होतो, म्हणजे म्यूटूच्याही वर. माझा ४३०० च्या पुढं गेला होता. रात्री जेवण आटपून मी आणि भाचा रंकाळ्याच्या कट्ट्यावर बसलो. समोरच्या जिममध्ये एक ब्लिसी (चॅन्सीचं पुढचं रूप) होती. भाचा तेव्हा लहान होता, आकडा बघूनच ओरडला, "मामा, आता ती गेलीच बघा!" लढाई सुरू झाली. मी पडद्यावर बोट आपटतोय आणि माझा पैलवान जांभया देतोय. खरंच जांभया. स्लेकिंगकडे वेगवान वार म्हणून 'यॉन' ही एकच चाल होती आणि तिची ताकदच शून्य. जांभया देत देत एनर्जी भरायची, मग कधीतरी एक मोठा वार. तेवढ्यात वेळ संपली. ब्लिसी होती तिथंच हसत उभी. भाच्यानं भडंगाचा पुडा माझ्यापुढं सरकवला आणि काही बोलला नाही. ते मला जास्त लागलं.

सीपीच्या गणितात चालींना जागाच नाही. जातीलाही नाही. लढाईतलं गणित वेगळं चालतं: चालीच्या ताकदीचं निम्मं घ्या, त्याला आपला अटॅक भागिले समोरच्याचा डिफेन्स यानं गुणा, मग जातीचे गुणक लावा, अपूर्णांक सोडा आणि एक मिळवा. आपल्याच जातीची चाल असेल तर १.२ पट. समोरचा त्या जातीला कच्चा असेल तर १.६ पट, दोन्ही बाजूंनी कच्चा असेल तर २.५६ पट.

टायरॅनिटार खडक आणि अंधार जातीचा आहे, दोन्ही जाती फायटिंगपुढं कच्च्या. लेव्हल ४० ला पूर्ण टायरॅनिटार ३८३४, फायटिंग जातीचा पूर्ण मॅचॅम्प ३०५६. मेसेजप्रमाणं निकाल लागलेलाच आहे. प्रत्यक्षात मॅचॅम्पची फायटिंग चाल २.५६ गुणिले १.२, म्हणजे तिप्पटीहून जास्त लागते. उलट टायरॅनिटारच्या खडक आणि अंधाराच्या चाली मॅचॅम्पला ०.६२५ गुणिले १.२, म्हणजे ०.७५ पटच लागतात. पावणेआठशे सीपी जास्त असूनही टायरॅनिटार आडवा. आमच्या गावात हे समजायला अडचण यायला नको. खासबागेत वजनकाट्यावर कोण भारी भरला यावर कुस्तीचा निकाल लावून लोक घरी गेल्याचं मी तरी ऐकलेलं नाही.

शॅडोचं, म्हणजे गेममधल्या टीम रॉकेट या खलनायकांकडून सोडवलेल्या पोकेमॉनचंही तेच. शॅडो पोकेमॉनचा वार २० टक्क्यांनी वाढतो आणि बचाव साधारण १७ टक्क्यांनी पडतो, पण सीपीत त्याची नोंद नाही. साधा आणि शॅडो शेजारी ठेवले, लेव्हल आणि आयव्ही सारखे असले, तर सीपी तोच दिसतो.

चौथं सूत्र दोन ओळीत. इव्हॉल्व्ह करताना लेव्हल आणि आयव्ही तेच राहतात, बदलतात फक्त प्रजातीचे मूळ आकडे. म्हणून क्रम कुठलाही ठेवा, शेवटचा सीपी तोच. २७४ चा मॅजिकार्प ग्याराडॉस झाला की ३३९१ होणार, आणि आधी ग्याराडॉस करून मग ४० ला नेला तरी ३३९१ च. पॉवर-अपचा खर्चही लेव्हलवर ठरतो, रूपावर नाही. उलट आधी इव्हॉल्व्ह करणं शहाणपणाचं, कारण इव्हॉल्व्ह करताना चाली नव्यानं पडतात. भिकार चाल पडली तर निदान स्टारडस्ट तरी हातात राहते.

उरलं तिसरं. याच्यानं सगळ्यात जास्त नुकसान होतं, म्हणून शेवटाला ठेवलं.

चार तारे म्हणजे १५, १५, १५. जंगलात असा मिळण्याची शक्यता ४०९६ मध्ये एक. हवामानाची साथ असेल तर कुठलाच आयव्ही ४ च्या खाली नसतो, म्हणून १७२८ मध्ये एक. साध्या रेडमध्ये, म्हणजे अनेकांनी मिळून हरवलेला बलाढ्य पोकेमॉन धरताना, तो १० च्या खाली नसतो, म्हणून २१६ मध्ये एक. मेसेजवर विश्वास ठेवायचा तर रेडमधून आलेल्या २१६ पैकी २१५ म्यूटू प्रोफेसरच्या दारात सोडायचे.

त्या २१५ मधला सगळ्यात वाईट बघू. १०, १०, १० चा म्यूटू लेव्हल ४० ला ४०१५, पूर्ण म्यूटू ४१७८. सीपीत चार टक्के फरक. अटॅकमध्ये बघाल तर एकाचा २४५, दुसऱ्याचा साधारण २४९, म्हणजे दीड टक्क्याच्या आसपास. आता समोरच्याचा डिफेन्स १५० धरा आणि आपल्या जातीची २० ताकदीची चाल मारा. पहिल्याचं उत्तर १९.६, दुसऱ्याचं १९.९. अपूर्णांक सोडा, एक मिळवा: दोघांचे २०. चाल तीच, इजा तीच. एखाद्या दुसऱ्या डिफेन्सपुढं एका आकड्याचा फरक पडेलही, पण त्यासाठी २१५ म्यूटू सोडणाऱ्याला मी हात जोडतो.

हे झालं रेडपुरतं. लीगमध्ये, म्हणजे खेळाडूंच्या आपसातल्या लढतींत, तर चार तारे कधीकधी अडचणच होतात. ग्रेट लीगला १५०० सीपीची मर्यादा आहे. वजनगटासारखीच. पैलवान वजन देताना काय करतो? गटात बसेल एवढंच अंग ठेवतो आणि त्यातलं जास्तीत जास्त कामाचं ठेवतो. इथंही काटा अटॅकला पूर्ण धरतो आणि डिफेन्स-स्टॅमिनाला वर्गमुळानं, म्हणजे ज्याचा अटॅक कमी त्याला त्याच १५०० मध्ये जास्त लेव्हल चढवता येते.

अझुमारिलचे मूळ आकडे ११२, १५२, २२५. चार ताऱ्यांचा अझुमारिल लेव्हल ३६ ला १४९७ वर येतो, पुढची अर्धी लेव्हल दिली की १५०० च्या बाहेर. ०, १५, १५ चा अझुमारिल मात्र लेव्हल ४५.५ ला १४९९ वर बसतो. आता अंगावरचे आकडे बघा. चार तारेवाला: अटॅक ९७.५, डिफेन्स १२८.२, एचपी १८४. शून्य अटॅकवाला: अटॅक ९१.६, डिफेन्स १३६.६, एचपी १९६. वार थोडा हलका, पण तिन्हींचा गुणाकार केला तर दुसरा जवळजवळ पावणेसात टक्क्यांनी सरस. लेव्हल ४० च्या वर जायला एक्सएल कँडी हा वेगळा खाऊ लागतो, म्हणजे तो महाग पडतो, हे कबूल. पण महाग आणि टाकाऊ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ०, १५, १५ ची बेरीज ३०, म्हणजे अप्रेझलमध्ये (आयव्ही दाखवणाऱ्या तपासणीत) फक्त दोन तारे. मेसेजच्या हिशेबानं कचरा.

हे सगळं मी भाच्याला व्हॉइस मेसेज करून सांगितलं. बराच वेळ उत्तर आलं नाही. मग गेल्या उन्हाळ्यातला एक जुना स्क्रीनशॉट आला: रंकाळ्यावर धरलेल्या मारिलचं, म्हणजे अझुमारिलच्या आधीच्या रूपाचं, अप्रेझल. डिफेन्सची पट्टी पूर्ण, एचपीची पट्टी पूर्ण, अटॅकची पट्टी साफ रिकामी. त्या दिवशी त्यानं तो ग्रुपवर हसायला टाकला होता, "अटॅक शून्य, काय हे ध्यान!" असं लिहून.

"मारिल आहे का अजून?" मी विचारलं.

"नाही ओ मामा. मेसेज वाचून पाठवला प्रोफेसरकडं. एक कँडी मिळाली."